एका दिवसापुरती रुजू

आमच्या पिढीतल्या अर्ध्या मराठवाड्याचा वाढदिवस एक जूनला येतो. जन्म काही त्या दिवशी झालेला नसतो. बाप शाळेत नाव घालायला घेऊन जायचा, मास्तर विचारायचे कधीचा जन्म, बाप सांगायचा सुगीत झाली, की मास्तर एक जून ठोकून मोकळे. माझी आई म्हणायची तू दत्तजयंतीची. दत्तजयंती येते मार्गशीर्षात, म्हणजे डिसेंबरात. मास्तरांनी मला सहा महिन्यांनी मोठी करून ठेवली. एक तारखेचा जन्म असला की नोकरी आदल्या दिवशीच संपते, म्हणजे अठ्ठावन्न पुरी होताना एकतीस मेला. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढं सगळं या तारखेपाशी येऊन अडलं.

भोकरदन तालुक्यातल्या एका खेड्यात संस्थेच्या शाळेत मी सव्वीस वर्षं गणित शिकवलं. राहायला भोकरदनला, जायला सकाळची एसटी. आमचे हे एसटीत कंडक्टर होते. लग्नानंतरची काही वर्षं मी त्यांच्याच गाडीनं शाळेत जायचे, आणि हा माणूस सगळ्या गाडीदेखत माझं तिकीट फाडायचा. माझा स्वभाव तिखट. पोरं घाबरायची, पोरांचे बाप जास्त घाबरायचे. मुख्याध्यापक माझ्यापेक्षा वयानं लहान, तेही बिचकून असायचे. पण आठवीतल्या पोराला बीजगणित आलं नाही असं माझ्या वर्गात झालं नाही. हे मी स्वतःच सांगते, दुसरं कोण सांगणार आता.

मग संस्थेच्या अध्यक्षांच्या मुलाचं लग्न झालं. सून आली, बी.एस्सी. बी.एड., विषय गणित. याहून जास्त सांगायला नको. दिवाळीच्या सुट्टीनंतर शाळा उघडली, मी ऑफिसात गेले, सही करायला मस्टर पुढं ओढलं तर मुख्याध्यापकांनी त्यावर हात ठेवला. बाई, आधी अध्यक्षांना भेटून या म्हणाले, माझ्याकडं न बघता. भेटायला गेले तर अध्यक्ष जालन्याला गेलेले. दुसऱ्या दिवशी परतूरला. आठव्या दिवशी घरी टपालानं कागद आला की तुम्ही विनापरवाना गैरहजर आहात आणि वरिष्ठांशी उद्धट वागता, म्हणून नोकरीवरून काढलं आहे. उद्धट होते, ते खरं आहे. गैरहजर मी एक दिवस नव्हते.

शाळेच्या नोकरीची भांडणं ज्या न्यायाधिकरणात चालतात तिथं मी अपील केलं. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये असं सगळ्यांनी ऐकवलं. मी म्हटलं, मग वेडीच म्हणा मला. चार वर्षं गेली. निकाल माझ्या बाजूनं लागला. काढणं बेकायदा होतं, बाईंना परत रुजू करून घ्या. नोकरीची अडीच वर्षं शिल्लक होती. त्या दिवशी मी गल्लीत पेढे वाटले. यांना म्हटलं, बाकीचं काय द्यायचं ते देवोत न देवोत, मला मस्टरवर सही करायचीय आणि आठवीच्या वर्गावर जायचंय. एवढंच पाहिजे होतं मला. आजही कुणी विचारलं तर एवढंच सांगीन.

निकालाची प्रत घेऊन शाळेत गेले तर मुख्याध्यापक म्हणाले, संस्था हायकोर्टात गेलीय. खरंच गेली होती. रिट दाखल झालं होतं. आमच्या वकिलांनी समजावून सांगितलं की नुसतं दाखल होऊन काही होत नाही, कोर्टानं स्थगिती दिली तर गोष्ट वेगळी. स्थगिती दिलेली नाही, म्हणजे आदेश पाळलाच पाहिजे. मी विचारलं, आणि नाही पाळला तर? मंग आपण दोन कामं करू, म्हणाले. न्यायाधिकरणात संस्थेवर दंडाचा अर्ज टाकू, आणि हायकोर्टात अवमान याचिका.

"नाक दाबल्याशिवाय तोंड उघडत न्हाई, बाई," असं ते म्हणाले. "अवमान म्हणजे नाक."

मला हसू आलं होतं तेव्हा. नाक दाबायला मी एका पायावर तयार होते. अध्यक्षांना कोर्टापुढं हात जोडून उभं राहिलेलं मला बघायचं होतं, खोटं कशाला बोलू.

वकिलांनी आणखी एक काम लावून दिलं. दर महिन्याच्या पहिल्या कामाच्या दिवशी शाळेत जायचं, 'मी रुजू होण्यास हजर आहे' असा अर्ज द्यायचा, घेतला नाही तर रजिस्टर पोस्टानं पाठवायचा आणि पावती जपून ठेवायची. मुख्याध्यापक अर्ज कधीच घ्यायचे नाहीत. फाटकाशी शिपाई स्टूल टाकून द्यायचा. मुसलमान माणूस, माझ्याबरोबरच नोकरीला लागलेला. "बैठो बाई, धूप बहुत है," म्हणायचा आणि पाण्याचा तांब्या आणायचा. आत आठवीच्या वर्गात अध्यक्षांची सून शिकवताना ऐकू यायचं. बरं शिकवायची. घाई करायची थोडी, समीकरणाच्या दोन पायऱ्या एकदम गाळायची. मी बाहेर बसून मनातल्या मनात त्या भरायचे.

अवमान याचिकेची पहिली तारीख लागली तेव्हा आम्ही दोघं पहाटेच्या गाडीनं सिल्लोडवरून संभाजीनगरला गेलो. मला वाटलं होतं कोर्ट विचारील, आदेश का पाळला नाही, आणि हे लोक गप्प बसतील. गप्प कुठले बसतात. त्यांच्या वकिलानं उभं राहून सांगितलं की आमचं रिट प्रलंबित आहे, बाईंचा दंडाचा अर्जही प्रलंबित आहे. कायद्यानं दिलेले मार्ग चालू असताना आदेशाची अंमलबजावणी करून घ्यायला अवमानाचा वापर करता येत नाही. दोन-चार जुने निकाल वाचून दाखवले. सगळं इंग्रजीत. मला इंग्रजी कळतं, पण त्यातलं आपल्याला काय लागू होतं ते कळत नव्हतं. न्यायमूर्तींनी शांतपणे ऐकलं आणि सांगितलं, ही याचिका रिटाबरोबर ठेवा.

बाहेर व्हरांड्यात वकील म्हणाले, हे वाईट नाही बाई, फेटाळली तर नाही. मी म्हटलं, मग रिट कधी लागणार? ते म्हणाले, लागेल.

रिट लागायचं नाही, म्हणून अवमान लागायचा नाही. न्यायाधिकरणात दंडाच्या अर्जाची तारीख असली की तिथं सांगायचे, वर हायकोर्टात अवमान चालू आहे, तिथलं काय होतं ते बघू. लग्नाच्या पंगतीत तीन विहिणी 'आधी तुम्ही बसा, आधी तुम्ही बसा' करत उभ्या राहतात आणि वाढलेलं गार होतं, तसं चाललं होतं. कुणी चुकीचं बोलत होतं असं नाही. ज्याचं त्याचं बरोबरच होतं. फक्त माझी वर्षं त्यात जात होती.

पहिलं वर्ष मी चिडचिड केली. यांच्यावर ओरडले, वकिलांवर ओरडले, एकदा तर पोस्टातल्या पोरीवर ओरडले, तिनं पावतीवर तारीख नीट उठवली नाही म्हणून. दुसऱ्या वर्षी राग येईनासा झाला. मला आधी वाटलं, वय झालं. पण तसं नव्हतं. भाजीत मीठ जास्त पडलं तरी कळायचं नाही. बहिणीच्या नातवाचं बारसं झालं, सगळ्यांबरोबर मीही टाळ्या वाजवल्या आणि घरी येऊन बसले. ज्या बाईला लोक फटाकडी म्हणायचे तिला काहीच वाटत नव्हतं. महिन्याची पहिली तारीख आली की उठायचं, अर्ज लिहायचा, स्टुलावर बसायचं, पोस्टात जायचं. एवढं शरीर करायचं. डोकं कुठं असायचं काय माहीत.

शेवटच्या वर्षी एप्रिलात वकिलांनी कोर्टाला विनंती केली की बाई मे अखेरीला निवृत्त होतात, आता तरी ऐका. त्या दिवशी न्यायमूर्तींनी संस्थेच्या वकिलाला विचारलं, स्थगिती नसताना रुजू करून घ्यायला अडचण काय आहे तुम्हाला? तो काहीतरी गुळमुळीत बोलला. कोर्टानं सांगितलं, उन्हाळी सुट्टीनंतर पहिल्या आठवड्यात उत्तर द्या आणि अध्यक्षांनी स्वतः हजर राहावं. आमचे वकील बाहेर येऊन म्हणाले, दाबलं बघा नाक. मी हो म्हटलं. सुट्टीनंतर म्हणजे जूनमध्ये, हा हिशेब मला येत होता. गणिताची बाई होते मी.

तीस मेला संध्याकाळी मुख्याध्यापकांचा फोन आला. बाई, संस्थेचा ठराव झालाय, उद्या अकराला या, तुम्हाला रुजू करून घ्यायचंय.

आमच्या यांनी मोबाइलचा स्पीकर लावून ऐकलं होतं. ते म्हणाले, "उद्या तुझा आखरीचा दिवस, अन् उद्याच कामून बोलवून राह्यले? कायतरी डाव हाय. वकिलाला विचार आधी." वकिलांचा फोन बंद होता. कोर्टाला सुट्टी, ते बायकापोरांना घेऊन फिरायला गेलेले. त्यांच्या ज्युनिअरनं सांगितलं, सरांना विचारून कळवतो. त्याचा फोन काही आला नाही.

"डाव असू द्या," मी यांना म्हटलं. "सही तर होईल."

आणि खरं सांगते, त्या संध्याकाळी मला भूक लागली. दोन भाकरी खाल्ल्या पिठल्याशी, वर ठेचा मागून घेतला. कपाटातून गडद निळी सुती साडी काढली, खळ दिली, इस्त्री केली. नवीन पेन घेतलं. कुठं काय दुखत होतं ते सगळं थांबलं होतं. मी यांना तीनदा विचारलं, साडेनऊची गाडी मेमध्ये बराबर सुटते ना. ते एसटीचं वेळापत्रक असल्यासारखे हो हो म्हणत राहिले.

शाळेत पोचले तेव्हा फाटक सताड उघडं होतं. शिपायानं स्टूल टाकलं नाही, सरळ ऑफिसकडं हात केला. मुख्याध्यापक उठून उभे राहिले. टेबलावर मस्टर उघडून ठेवलेलं होतं. मे महिन्याच्या सगळ्या रकान्यांवर उभं 'उन्हाळी सुट्टी' लिहिलेलं. ज्येष्ठतेनं माझं नाव तिसरं यायला पाहिजे. ते सगळ्यात खाली लिहिलं होतं, शिपायांच्याही खाली, निळ्या शाईत, ताजं. मी ते पाहिलं. पूर्वीची मी असते तर मस्टर फेकलं असतं. पण मला काही म्हणजे काही खटकलं नाही. एकतीसच्या चौकटीत मी सही केली. सात वर्षांनी. चौकट लहान, माझी सही लांब, शेवटचं अक्षर बाहेर गेलं. मुख्याध्यापकांनी एक कागद पुढं केला, 'आज रोजी पूर्वाह्नी रुजू', त्यावरही केली.

मी विचारलं, वर्गावर जाऊ का?

"पोरं कुठायत बाई," ते म्हणाले, "मे महिना आहे."

तरी मी गेले. शिपायानं आठवीचं कुलूप काढून दिलं. बाकं एकावर एक रचून भिंतीला लावलेली, फळ्यावर शेवटच्या पेपरचे बैठक क्रमांक तसेच. खडू सापडला नाही. मी टेबलामागं जाऊन उभी राहिले. तुम्हाला वाटेल रडले असेन. नाही. मला फार बरं वाटत होतं. आठवी माझी होती, आणि मी नोकरीवर होते, सही करून आलेली. दहा मिनिटं तरी उभी असेन. मग बोलवायला माणूस आला.

मोठ्या खोलीत खुर्च्या मांडलेल्या होत्या. भिंतीवर नवा फ्लेक्स, 'सेवापूर्तीनिमित्त हार्दिक सत्कार', आणि खाली माझं नाव. फ्लेक्स छापून आणायला भोकरदनला जावं लागतं, एक दिवस तरी मोडतो. म्हणजे रुजू करून घ्यायच्या आधीच निरोपाचा फ्लेक्स तयार होता. अध्यक्ष पुढच्या खुर्चीवर बसले होते. मला शेजारी बसवलं. त्यांनी भाषण केलं, बाईंची शिस्त, बाईंचं गणित, संस्था बाईंची ऋणी आहे. शाल घातली, नारळ दिला. मी बसून होते. परत ते आलं होतं, काहीच न वाटणं.

मग सून आली, हातात ताट. खण, नारळ, गहू, हळदकुंकू. माझी ओटी भरायला. माझ्या जागेवर सात वर्षं काम केलेली पोर, सासऱ्यांकडं बघत बघत पुढं आली. तिला बघून कळत होतं की तिला हे करायला लावलेलं आहे. मी काय करणार होते? सवाष्ण ओटी घेऊन पुढं उभी, आणि नाही म्हणायचं? आमच्याकडं वैरिणीनं भरली तरी ओटी नाकारत नाहीत. मी पदर पसरला. तिनं ओटी भरली आणि वाकून पाया पडली. हळूच म्हणाली, बाई, माझ्यावर राग ठेवू नका. मी तिला म्हटलं, समीकरणं सोडवताना पायऱ्या गाळत जाऊ नकोस, मागच्या बाकावरच्यांना कळत नाही. ती हसली. मलाही हसू आलं. तेवढ्यात कुणीतरी फोटो काढला.

दीड वाजता मला दुसरा कागद दिला, 'आज रोजी अपराह्नी नियत वयोमानानुसार कार्यमुक्त'. त्यावर सही केली आणि दोनच्या गाडीनं ओटीतला नारळ मांडीवर घेऊन घरी आले.

दोन दिवसांनी वकिलांचा फोन आला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, सही करताना वर 'हक्क राखून' एवढं लिहिलं असतं, तर त्या सहीनं तुमची तक्रार मिटली असं त्यांना म्हणता आलं नसतं. दोन शब्द, बाई. मी म्हटलं, मस्टरवर कुणी असं लिहितं का? जन्मभर नुसतं नाव लिहिलंय. ते म्हणाले, ते बी खरंय. आणि तुम्ही गेला नसता तर संस्था म्हणाली असती, आम्ही बोलवलं, बाई आल्या न्हाईत. म्हणजे दोन्हीकडून तेच.

जूनमध्ये तारीख लागली. अध्यक्ष आले होते, पांढऱ्या कपड्यांत, मागच्या बाकावर हात बांधून. त्यांच्या वकिलानं शपथपत्र दिलं. आदेशाचं पालन झालं, बाईंना सन्मानानं रुजू करून घेतलं, उशीर झाला त्याबद्दल बिनशर्त माफी. सोबत मस्टरची प्रत आणि फोटो. आमच्या वकिलांनी सांगितलं की हे पालन नाही, ही थट्टा आहे, अडीच वर्षं जाणूनबुजून बाहेर ठेवलं. न्यायमूर्ती म्हणाले, त्या काळाचं काय करायचं ते रिटात ठरेल, आणि दंडाचा तुमचा अर्ज न्यायाधिकरणात आहेच. ते मार्ग मोकळे आहेत. इथं प्रश्न आदेश पाळला की नाही एवढाच. मग फोटो हातात धरून त्यांनी विचारलं, याचिकाकर्त्या आहेत का इथं? वकिलांनी मला पुढं बोलावलं. न्यायमूर्ती मराठीत बोलले, चांगलं बोलले, आमच्या वयाचेच असतील.

"बाई, तुम्ही रुजू झालात ना?"

मी उभी होते. आमच्या वकिलांचा श्वास मला ऐकू येत होता. काय म्हणायचं ते त्यांनी आदल्या दिवशी सांगून ठेवलं होतं. नाही साहेब, फक्त कागदावर, असं म्हणायचं होतं. फोटो माझ्याकडं तोंड करून होता. डोक्यावरून पदर, ओटी भरलेली, आणि तोंडभर हसू.

"हो साहेब," मी म्हटलं.

न्यायमूर्तींनी टंकलेखकाला चार वाक्यं सांगितली. याचिका निकाली. अध्यक्ष उठले, कोर्टाला नमस्कार केला आणि गेले.

परतीच्या गाडीत फुलंब्री येईपर्यंत आमचे हे तिकिटाच्या घड्या घालत बसले. मग म्हणाले, "तू न्हाई कामून म्हणली न्हाईस? एवढं एक म्हणायचं होतं. सात वर्षं भांडलीस तू."

रिटाची तारीख अजून लागायची आहे. दंडाच्या अर्जाची पुढच्या महिन्यात आहे. वकील सांगतील तिथं मी जाईन आणि बसेन. पण न्यायमूर्तींनी विचारलं तेव्हा माझ्याजवळ खोटं बोलायला जागाच नव्हती.

"झाले होते ना मी रुजू," मी यांना म्हटलं. "त्या दिवशी अकरापासून फ्लेक्स दिसेपर्यंत. तुम्ही पाहिलं नाही मला, किती खूश होते."